सिंगापूरचं अरायव्हल कार्ड ॲपमध्ये अडतं तेव्हा काय तपासायचं

"ताई, हे पुढं जाऊनच नाही राहिलं."

नागपूरच्या प्रतापनगरातल्या माझ्या झेरॉक्सच्या दुकानात हे वाक्य आठवड्यातून दोनदा तरी ऐकू येतं. समोर धरलेल्या फोनवर सिंगापूरच्या इमिग्रेशनचं ॲप उघडं असतं आणि एका चौकटीखाली लाल अक्षरं आलेली असतात. माणूस बहुतेक साठीच्या पुढचा. मुलगा किंवा मुलगी तिकडे नोकरीला, नातवंड वर्षाच्या आतलं, आणि विमान उद्या नाहीतर परवा. मुलाने फोनवर सांगितलेलं असतं, "बाबा, दहा मिनिटांचं काम आहे." त्याच्यासाठी ते दहा मिनिटांचंच असतं. इकडे बाबांची अख्खी दुपार त्यात जाते आणि आई रात्रभर जागी राहते, कारण कार्ड नसेल तर विमानात बसू देणार नाहीत असं कुणीतरी सांगितलेलं असतं.

असे फॉर्म मी आता पुष्कळ भरून दिले आहेत. अडायच्या जागा ठरलेल्या आहेत. म्हणून ज्या क्रमाने मी तपासते, त्याच क्रमाने इथे लिहून ठेवते. थायलंड आणि मलेशियाची डिजिटल कार्डंही जवळजवळ अशीच आहेत, त्यामुळे तिकडे जाणाऱ्यांनाही यातलं बरंचसं लागू पडेल.

आधी एक गोष्ट नक्की करा. सिंगापूरचं अरायव्हल कार्ड म्हणजे पोहोचण्याआधी तिथल्या इमिग्रेशनसाठी ऑनलाइन भरायचा फॉर्म, व्हिसा नव्हे. भारतीय पासपोर्टवर जाणाऱ्याला व्हिसा वेगळा काढावा लागतो आणि हे कार्डही वेगळं भरावं लागतं. ते भरायची जागा म्हणजे तिथल्या इमिग्रेशन अँड चेकपॉइंट्स ऑथॉरिटीची वेबसाइट किंवा त्यांचं मायआयसीए मोबाइल हे ॲप. पैसे लागत नाहीत. एक रुपयाही नाही. सर्चमध्ये वर वर दिसणारी, कार्ड भरून देतो म्हणत डॉलर मागणारी पानं सरकारी नसतात. आमच्या गल्लीतल्या एका काकाजींनी अशाच एका पानावर दोन माणसांचे मिळून काही हजार रुपये भरले, वर पासपोर्टचे फोटोही दिले. पैसे तर गेलेच, पण पासपोर्टची प्रत अनोळखी माणसाच्या हाती गेली याचं मला जास्त वाईट वाटलं. पत्त्याच्या शेवटी जीओव्ही-डॉट-एसजी आहे का, एवढं पाहिलं तरी हे टळतं. थायलंडसाठी शेवट जीओ-डॉट-टीएच असतो. ॲपसुद्धा प्ले स्टोअरमध्ये नाव शोधून घेऊ नका. सरकारी वेबसाइटवर जी लिंक आहे तिच्यावरून घ्या.

तारीख निवडताच येत नाही

सगळ्यात जास्त वेळा हेच होतं, आणि यात ॲपचा काही दोष नसतो. कार्ड पोहोचण्याच्या तीन दिवसांच्या आतच भरता येतं आणि त्या तिनांत पोहोचण्याचा दिवसही धरलेला असतो. १८ तारखेला पोहोचणार असाल तर १६, १७ आणि १८. आपल्याकडची मंडळी तयारीची. तिकीट काढलं त्याच दिवशी सगळे कागद करून फाइलला लावून ठेवायची सवय. ती सवय इथे आडवी येते. महिनाभर आधी ॲप उघडलं तर तारखेच्या चौकटीत तो दिवस फिकट दिसतो आणि बोटाने कितीही दाबलं तरी लागत नाही.

दुसरा घोळ घड्याळाचा. सिंगापूर आपल्यापेक्षा अडीच तास पुढे आहे. नागपुरात रात्रीचे साडेनऊ वाजले की तिकडे तारीख बदलते. त्यामुळे १५ तारखेला संध्याकाळी सातला न लागलेली तारीख त्याच रात्री पावणेदहाला लागते. माणसाला वाटतं ॲप दुरुस्त झालं.

तिसरा घोळ रात्रीच्या विमानाचा. मुंबईहून विमान १७ तारखेच्या रात्री साडेअकराला सुटतं आणि सिंगापूरला १८ तारखेच्या सकाळी उतरतं. तिकिटावर मोठ्या अक्षरांत १७ असतं, म्हणून लोक १७ भरतात. कार्डात मागतात ती पोहोचण्याची तारीख, तिथल्या वेळेप्रमाणे. तिकिटावर 'अरायव्हल'समोर बारीक अक्षरांत जी तारीख असते ती. काही तिकिटांवर वेळेपुढे नुसतं अधिक एक असं छापलेलं असतं, त्याचा अर्थ पुढचा दिवस. मी आता तिकीट हातात आलं की पहिल्यांदा पेनाने त्या तारखेला गोल करते, मगच फोनला हात लावते.

थायलंडचं डिजिटल कार्ड १ मे २०२५ पासून सुरू झालं, मलेशियाचं २०२४ पासून सक्तीचं आहे. दोन्हीकडे मुदत अशीच तीन दिवसांची. बँकॉक आपल्यापेक्षा दीड तास पुढे, क्वालालंपूर सिंगापूरइतकंच अडीच.

पासपोर्ट स्कॅन होत नाही, किंवा होऊन भलतंच भरतो

या भागात जरा थांबते, कारण हा कळला की निम्म्या तक्रारी मिटतात.

फोटोच्या पानाच्या अगदी तळाशी दोन लांब ओळी असतात. इंग्रजी मोठी अक्षरं, आकडे, आणि मधेमधे कोनासारखी चिन्हं. एका ओळीत ४४ जागा. ॲपचा कॅमेरा त्या पानावरचा तुमचा फोटो पाहत नाही, वर छापलेलं नावही वाचत नाही. तो या दोन ओळी वाचतो. पहिल्या ओळीत पी, मग भारताची आयएनडी ही खूण, मग आडनाव, दोन कोन, मग नाव आणि वडिलांचं किंवा नवऱ्याचं नाव. दुसऱ्या ओळीत पासपोर्टचा नंबर, देश, जन्मतारीख, स्त्री की पुरुष, आणि मुदत संपण्याची तारीख. तारखा आधी वर्ष, मग महिना, मग दिवस अशा लिहिलेल्या.

यातली गंमत अशी की महत्त्वाच्या प्रत्येक आकड्यामागे एक ताळ्याचा आकडा असतो. शाळेत गुणाकाराचा ताळा करायचो ना, तसाच. समजा जन्म १४ मार्च १९५८. ओळीत ते ५८०३१४ असं येईल. या सहा आकड्यांना क्रमाने ७, ३, १, ७, ३, १ ने गुणायचं: ३५, २४, ०, २१, ३, ४. बेरीज ८७. शेवटचा आकडा ७. म्हणून ५८०३१४ च्या लगेच पुढे ७ छापलेला असतो. कॅमेऱ्याने एक आकडा जरी चुकीचा वाचला, तरी ताळा जुळत नाही आणि ॲप स्कॅन नाकारतं. ते पुन्हा पुन्हा नाकारतंय म्हणजे पासपोर्ट खोटा ठरला असं नाही. त्याला तो आकडा स्पष्ट दिसत नाहीये, एवढंच.

दिसत का नाही? दहापैकी आठ वेळा ट्यूबलाइटमुळे. पानावरच्या चकचकीत पातळ थरावर उजेडाची पट्टी पडते आणि नेमकी खालच्या ओळीवर पडते. दुकानात मी पासपोर्ट दाराशी नेते, दिवसाच्या उजेडात, थेट ऊन नको. खाली काळं किंवा गडद कापड. प्लॅस्टिकचं कव्हर काढायचं, कारण त्याची कड खालच्या ओळीवर येते. पान हाताने सपाट दाबायचं, पण बोट ओळींवर नको. फोन सरळ वरून धरायचा, तिरका नाही. आणि कॅमेऱ्याची काच पदराला पुसून घ्यायची. हे शेवटचं फार साधं आहे, पण स्वयंपाकघरातून आलेल्या फोनला तेवढ्यानेच फरक पडलेला मी कितीदा पाहिला आहे.

नागपूरकरांसाठी एक वेगळी गोष्ट. चिप असलेले ई-पासपोर्ट २०२४ मध्ये प्रायोगिक म्हणून ज्या मोजक्या शहरांत द्यायला सुरुवात झाली, त्यांत आपलं नागपूर होतं. त्यामुळे आपल्याकडे नवीन पासपोर्ट काढलेल्या अनेकांच्या कव्हरवर खाली सोनेरी छोटं चिन्ह दिसतं. लोक विचारतात, चिपमुळे स्कॅन होत नाही का? नाही. कॅमेऱ्याने होणाऱ्या स्कॅनला चिपशी देणंघेणं नाही. तिथेही त्याच दोन ओळी वाचल्या जातात.

स्कॅन नाहीच झालं तर हाताने भरा, हरकत नाही. पण मग नव्या चुका सुरू होतात. पासपोर्टचा नंबर पानाच्या वरच्या कोपऱ्यातून घ्या. खालच्या ओळीतून बघून लिहिणारे नंबरामागचा कोन आणि ताळ्याचा आकडाही नंबरातच धरतात. मग नंबर दोनाने जास्त होतो आणि 'इनव्हॅलिड' येतं.

स्कॅन झालं तरी प्रत्येक चौकट डोळ्यांखालून घाला. दोन्ही तारखा आणि पासपोर्ट नंबर मोठ्याने वाचायचे, दुसऱ्याने पासपोर्टवर बोट ठेवून ऐकायचं. नवरा-बायको एकत्र आलेले असले की मी हे त्यांच्याकडूनच करून घेते.

नावाचा घोळ

आपली नावं तीन तुकड्यांची: स्वतःचं, वडिलांचं किंवा नवऱ्याचं, आडनाव. तिकीट काढणारा मधलं नाव गाळतो, पासपोर्टवर ते असतं, आणि व्हिसावर तिसऱ्याच क्रमाने. कार्डात नाव भरताना तिकीट बाजूला ठेवा. पासपोर्टवर जसं आहे तसं, त्याच स्पेलिंगमध्ये. 'संध्या'मधला एच पासपोर्टवर राहून गेला असेल, तर कार्डातही तो नसलेलाच बरा. इथे दुरुस्ती करायची नाही. दुरुस्ती करायची असेल तर पासपोर्ट कार्यालयात, आणि ती विमानाच्या आदल्या दिवशी होत नाही.

बायकांच्या बाबतीत हे जास्त दुखतं. लग्नाआधीच्या नावाचा पासपोर्ट, लग्नानंतरच्या नावाचं आधार, आणि जावयाने आधार पाहून काढलेलं तिकीट. अशा वेळी ॲप अडत नाही, ॲप सगळं मुकाट घेतं. अडतं ते चेक-इनच्या काउंटरवर. माझ्या आत्याचं असंच झालं. रात्री एकला मुंबईच्या विमानतळावरून तिचा फोन आला, आवाज कापत होता. तिकिटावर एक आडनाव, पासपोर्टवर दुसरं. शेवटी विमान कंपनीच्या माणसाने तिकिटावरचं नाव दुरुस्त करून दिलं आणि ती गेली, पण ती दीड तासाची धाकधूक मी विसरलेली नाही. म्हणून आता कुणीही आलं की मी आधी पासपोर्ट, व्हिसा आणि तिकीट हे तिन्ही कागद एका रांगेत ठेवते आणि नावं जुळतात का ते पाहते. ॲप नंतर.

ज्यांच्या पासपोर्टवर आडनावाची जागा रिकामी आहे त्यांनी आणखी सावध राहावं. सिंगापूरच्या कार्डात पूर्ण नाव एकाच चौकटीत जातं, म्हणून तिथे निभावतं. पण दुबईकडे जाणाऱ्यांसाठी २०२२ च्या नोव्हेंबरपासून नियम कडक झाला. पासपोर्टवर नुसतं एकच नाव असेल तर पर्यटक व्हिसावर संयुक्त अरब अमिरातीत प्रवेश नाही. शारजाचं विमान थेट नागपुरातून असल्यामुळे आपल्याकडे हा प्रश्न नेहमी येतो.

सगळं बरोबर भरलंय, तरी लाल अक्षरं जात नाहीत

इथे मी कीबोर्ड पाहते. फोन मराठीवर असेल तर आकडे देवनागरी उमटतात. आपल्याला ते आकडेच दिसतात, पण फॉर्मला ते आकडे वाटत नाहीत. कीबोर्ड इंग्रजीवर आणा आणि ती चौकट पुसून पुन्हा भरा.

दुसरं, शेवटची मोकळी जागा. कीबोर्ड नाव सुचवतो, आपण त्यावर टिचकी मारतो, आणि तो नावामागे एक मोकळी जागा सोडून देतो. डोळ्याला दिसत नाही. ईमेलच्या चौकटीत तर हे हमखास होतं. चौकटीत शेवटी बोट ठेवून मागे खोडायचं बटण एकदा दाबा. अक्षर गेलं तर परत लिहा. काहीच गेलं नाही असं वाटलं तर तीच मोकळी जागा होती.

मोबाइल नंबराच्या चौकटीत देशाचा कोड आधीच निवडलेला असतो. तिथे पुन्हा ९१ किंवा आधी शून्य लावू नका. आणि ईमेल शक्यतो मुलाचा द्या, जर आई-वडिलांना त्यांच्या मेलचा पासवर्ड आठवत नसेल तर. भरल्याची पोच त्या मेलवर येते, आणि सिंगापूरला उतरल्यावर किती दिवस राहता येईल ते सांगणारा ई-पासही त्याच मेलवर येतो. तिकडे आता पासपोर्टवर शिक्का मारत नाहीत, त्यामुळे तो मेल म्हणजेच कागद. मेल दिसला नाही तर स्पॅम पाहा.

ॲप उघडतच नसेल किंवा पांढरं पान दाखवत असेल, तर अपडेट करा, व्हीपीएन बंद करा, फोनची तारीख-वेळ 'आपोआप'वर ठेवा. तेवढ्यानेही नाही झालं तर ॲपचा नाद सोडा आणि तेच कार्ड सरकारी वेबसाइटवर संगणकावरून भरा. दोन्हीकडे भरलेलं कार्ड सारखंच चालतं. ॲपवरच भरलं पाहिजे असा आग्रह धरून रात्र घालवण्यात अर्थ नाही.

पत्ता आणि विमान

कार्डात राहत्या ठिकाणाचं शहर, सिंगापूरला येण्याआधीचं शेवटचं शहर, आणि सिंगापुरातला पत्ता असं तीन ठिकाणी काही ना काही ठिकाण मागतात. नागपूरकर तिन्हीकडे अडखळतात. राहता नागपुरात, म्हणून पहिल्यात नागपूर. पण सिंगापूरचं विमान मुंबईहून पकडलं असेल, तर शेवटचं शहर मुंबई. नागपूर ते मुंबईचं विमान इथे धरायचं नाही, आणि त्याचा नंबरही द्यायचा नाही. तिकिटावर दोन विमानांचे दोन नंबर असतात, त्यातला सिंगापूरला उतरणाऱ्याचा नंबर हवा. काही कंपन्यांचा कोड आकड्याने सुरू होतो, उदाहरणार्थ इंडिगोचा सिक्स-ई. तो आकडा विमानाच्या नंबरातला नसतो, कोडातला असतो, हे लक्षात ठेवा.

पोस्टल कोड तिकडेही सहा आकडी. त्यामुळे आजोबा सवयीने ४४००२२ लिहून मोकळे होतात आणि पुढे इमारतीचं नाव येत नाही. सिंगापुरात एका कोडावर बहुधा एकच इमारत असते, म्हणून मुलाकडून तो कोड घ्या आणि बरोबर घराचा नंबरही घ्या. तो मजला आणि घर अशा दोन भागांत असतो, मधे आडवी रेघ. मुलाने व्हॉट्सॲपवर पाठवलेला 'ब्लॉक अमुक, हॅश तमुक' असा पत्ता असतो, त्यात हॅशनंतर पहिला भाग मजल्याचा.

पाठवून झाल्यावर चूक लक्षात आली तर घाबरू नका. पासपोर्टचा नंबर किंवा नाव चुकलं असेल तर सरळ नवं कार्ड भरा. आणि सिंगापूर फक्त बदलीचं ठिकाण असेल, म्हणजे तिथल्या इमिग्रेशनमधून बाहेर न पडता ऑस्ट्रेलियाचं वगैरे विमान पकडायचं असेल, तर हे कार्ड लागतच नाही.

बॅगेत काय नको

कार्ड भरून झालं की मी बॅगेबद्दल विचारते, जरी ते माझं काम नसलं तरी. कारण इमिग्रेशनच्या पुढे कस्टम असतं, आणि तिथे ॲप कामाला येत नाही.

खर्रा, म्हणजे तंबाखू-सुपारीचं घोटलेलं मिश्रण. आपल्याकडच्या कितीतरी काकांच्या खिशात पन्नीत बांधलेला असतोच, त्यात लपवण्यासारखं काही नाही. पण सिंगापुरात चघळायची तंबाखू आणायला बंदी आहे. थोडी चालते, स्वतःपुरती चालते, असं नाही. खर्रा, घोटा, तंबाखूची पुडी, सगळं घरी ठेवून जा. खिसे आणि बॅगेचे छोटे कप्पे घरच्या दुसऱ्या माणसाकडून तपासून घ्या, कारण जुनी पुडी विसरलेली असते. सिगारेटला तिथे करमाफी नाही, एका पाकिटावरही कर आहे. ई-सिगारेट पूर्ण बंद.

खसखस. हिच्याबद्दल फार कमी जणांना माहीत आहे. अनारशांना लावलेली, सावजी मसाल्यात वाटलेली, लाडवात घातलेली. खसखस अफूच्या झाडाची असते, म्हणून सिंगापुरात ती अंमली पदार्थ पाहणाऱ्या विभागाच्या नियंत्रणाखाली येते आणि अमिरातीत तर तिला बंदीच आहे. सुनेसाठी डबा भरून अनारसे करणाऱ्या काकूंना हे सांगताना मला जिवावर येतं, पण सांगते. संत्रा बर्फी न्या, चिवडा न्या, वऱ्याच्या पापड्या न्या. दोन्ही घरं खूश होतील.

झोपेच्या गोळ्या आणि कोडीनवालं खोकल्याचं औषध नेण्याआधी तिकडची परवानगी लागते. बाकी नेहमीच्या रक्तदाबाच्या, साखरेच्या गोळ्या मूळ पट्टीत, डॉक्टरांच्या चिठ्ठीसह, तीन महिन्यांपेक्षा जास्त नकोत. रोख रक्कम २०,००० सिंगापूर डॉलरच्या वर असेल तर जाहीर करावी लागते. सहसा कुणाकडे नसते.

परतताना आपलं 'अतिथी'

परतीचा प्रश्न लोक तिकडून फोन करून विचारतात. आपल्या कस्टमचं 'अतिथी' नावाचं ॲप आहे. ४ नोव्हेंबर २०१९ ला ते सुरू झालं. करपात्र वस्तू किंवा जास्तीचं परकी चलन असेल तर विमानात बसण्याआधीच त्यात जाहीर करता येतं.

इथे उलटी अडचण असते. ज्यांना ते भरायची गरजच नाही, ते तासभर त्यात अडकतात. एप्रिल २०१६ पासून जाहीर करण्यासारखं काही नसलेल्या प्रवाशाला कस्टमचा फॉर्म भरावा लागत नाही. साडी, नातवाचे जुने कपडे आणि चॉकलेटं घेऊन येणाऱ्या काकूंनी हिरव्या मार्गाने सरळ बाहेर यावं.

भरायचं असेल तर विमानतळाच्या जागी भारतात पहिल्यांदा जिथे उतरता तो. सिंगापूरहून मुंबईला उतरून मग देशांतर्गत विमानाने नागपूरला येणार असाल, तर कस्टम मुंबईतच होतं, बॅगही तिथेच घ्यावी लागते. तिथे 'नागपूर' निवडून चालत नाही. दोहा किंवा शारजाहून थेट सोनेगावला, म्हणजे नागपूरच्या विमानतळावर, उतरणाऱ्यांचं मात्र इथेच.

रकमेबद्दल जुने संदेश अजून फिरत असतात. २०१६ च्या नियमांतली ५०,००० रुपयांची करमाफी लोकांच्या तोंडात बसली आहे; २०२६ च्या अर्थसंकल्पाबरोबर नवे बॅगेज नियम आले आणि भारतात राहणाऱ्या प्रवाशासाठी ती ७५,००० झाली. पण एक जुनी गोष्ट तशीच आहे: दोघांची मर्यादा एकत्र करता येत नाही. एक लाख वीस हजारांची एक वस्तू 'आम्ही दोघं आहोत' म्हणून माफ होत नाही. चलनाचा नियम असा, की नोटा ५,००० अमेरिकी डॉलरपेक्षा जास्त, किंवा नोटा आणि ट्रॅव्हलर्स चेक मिळून १०,००० पेक्षा जास्त असतील तर जाहीर करायचं.

आणि दागिने. अंगावरचे जुने दागिने घालून जाणाऱ्या बायका परत येताना घाबरतात, हे नवे समजून कर मागतील म्हणून. जाताना विमानतळावरच कस्टमकडून निर्यात प्रमाणपत्र करून घ्या. दागिन्यांची नोंद होते, येताना ते दाखवायचं. यासाठी विमानतळावर तासभर आधी पोहोचावं लागतं आणि दागिने चेक-इनच्या बॅगेत टाकून चालत नाही. सराफाची पावती असेल तर तीही फाइलला लावा.

फोन घेऊन माझ्याकडे यायचं असेल तर पासपोर्ट, व्हिसाची प्रिंट, दोन्ही विमानांचं तिकीट आणि मुलाचा सिंगापूरचा पूर्ण पत्ता एवढं बरोबर आणा. आणि पोहोचण्याच्या दोन दिवस आधी या, शक्यतो सकाळी. त्या वेळी दुकानाच्या दाराशी उजेड चांगला असतो.